निलंबनाविरुद्ध मॅट: आरोपावर नाही, तारखांवर लढणाऱ्यांसाठी

महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे सगळ्यांच्या तोंडी असलेलं मॅट, १९९१ पासून राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांची सेवाविषयक प्रकरणं ऐकतं. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर इथे त्याचं काम चालतं. निलंबनाच्या प्रकरणात ते कितपत कामाचं, एवढंच इथे पाहायचं आहे. (जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्यांनी इथे खेप घालू नये, ते मॅटच्या कक्षेत नाहीत.)

‘आरोप खोटा आहे’ एवढाच मुद्दा असेल तर हाती फारसं काही लागत नाही. निलंबन ही शिक्षा मानली जात नाही. १९७९ च्या शिस्त व अपील नियमांतला नियम ४ चौकशी नुसती योजलेली असली तरी निलंबनाचा अधिकार देतो. खरंखोटं विभागीय चौकशीत ठरतं. आदेश सक्षम प्राधिकाऱ्याचाच आहे का, हे मात्र आधी तपासावं.

मॅटची खरी ताकद दिसते ती ९० दिवसांच्या हिशेबात. अजयकुमार चौधरी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये सांगितलं की तीन महिन्यांत दोषारोपपत्र (विभागीय चौकशीतल्या आरोपांचा लेखी कागद) बजावलं नाही तर निलंबन पुढे चालू ठेवता येणार नाही. बजावलं असेल तर मुदतवाढीचा आदेश कारणांसह हवा. राज्याचा ९ जुलै २०१९ चा शासन निर्णय याच आधारावर आहे. त्यामुळे अर्जात तीन तारखा ठळक हव्यात: निलंबनाची, दोषारोपपत्र हातात पडल्याची आणि निलंबन चालू ठेवायचं का, याच्या आढाव्याची. दोषारोपपत्र ‘तयार आहे’, ‘मंजुरीसाठी पाठवलं आहे’ हे म्हणजे बजावणी नव्हे. खात्याची बाजू सर्वांत जास्त इथेच लंगडी पडते.

अर्ज अडकतो तो घाईमुळे. प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियम, १९८५ च्या कलम २० नुसार आधी खात्यातले उपाय संपवावे लागतात. निलंबनाच्या आदेशावर ४५ दिवसांत अपील करता येतं. ते करावं आणि पोच जपून ठेवावी. अपिलावर निर्णयच आला नाही तर सहा महिन्यांनी दार उघडतं. कलमात ‘सर्वसाधारणपणे’ असा शब्द असल्याने त्याआधीही अर्ज दाखल करून घेतला जाऊ शकतो, पण त्यासाठी ९० दिवस उलटल्यावर दिलेलं निवेदन तरी सोबत हवं. मुदतीसाठी कलम २१ पाहावं: अंतिम आदेशापासून एक वर्ष.

निकालाबद्दल अपेक्षा बेताची ठेवावी. निलंबन थेट रद्द होण्याऐवजी ‘इतक्या आठवड्यांत आढावा घेऊन निर्णय कळवा’ असा निर्देश मिळणं नेहमीचं आहे. मग प्रकरण पुन्हा त्याच खात्याच्या टेबलावर. पुनर्स्थापना झाली तरी ती जुन्याच खुर्चीवर होईल असं नाही. लाचेच्या किंवा फौजदारी प्रकरणात अकार्यकारी, म्हणजे निर्णयाचे अधिकार नसलेलं, पद मिळण्याचीच शक्यता अधिक. निलंबनकाळ कर्तव्यकाळ धरायचा का, हा प्रश्न वेगळाच, तो बहुधा चौकशीनंतर सुटतो. आदेश पाळला नाही तर अवमानाची कारवाई करण्याचा अधिकार मॅटला आहे. शासन उच्च न्यायालयात गेलं तर मात्र थांबावं लागतं. सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या एल. चंद्रकुमार निकालापासून तो रस्ता खुला आहे.

निर्वाह भत्त्याचा, म्हणजे निलंबनकाळात पगाराऐवजी मिळणाऱ्या रकमेचा, मुद्दा बरेच जण अर्जात घ्यायलाच विसरतात. सुरुवातीला अर्धवेतनी रजेच्या वेतनाइतका भत्ता मिळतो. तीन महिन्यांनंतर, विलंबाला कर्मचारी जबाबदार नसेल तर, या भत्त्याच्या निम्म्या रकमेपर्यंत वाढ देता येते. दुसरीकडे नोकरी करत नसल्याचं प्रमाणपत्र दिलं नाही तर हा पैसा अडतो, आणि मग दोष खात्याला देता येत नाही. प्रमाणपत्र देऊनही भत्ता रोखला तर गोष्ट वेगळी: पैशांअभावी चौकशीला हजर राहता आलं नाही, हे दाखवता आलं तर चौकशीच रद्द होऊ शकते. पॉल अँथनी प्रकरणात, १९९९ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने हेच धरलं.

पाचपैकी गुण: ९० दिवस उलटलेल्या, कागद जपलेल्या प्रकरणाला चार. नुसत्या आरोपावर भांडणाऱ्याला दीड.