रेया ताजिरी : आधी कोणता माहितीपट बघावा?

रेया ताजिरी या जपानी-अमेरिकन दिग्दर्शिकेचं काम बघायचं ठरवलंत, तर माझ्या मते निवड दोनच माहितीपटांत करायची : 'हिस्टरी अँड मेमरी' (१९९१) आणि 'विज्डम गॉन वाइल्ड' (२०२२). मधे एकतीस वर्षं गेली, पण दोन्हींच्या केंद्रस्थानी एकच बाई आहे, रेयाची आई रोझ.

पहिला जेमतेम ३२ मिनिटांचा. म्हणून तो सोपा जाईल असं मात्र धरून चालू नका. पडद्यावर मजकूर सरकत असतो, त्याच वेळी कानावर निवेदन पडतं, मधेच हॉलिवूडचे नि युद्धकाळातल्या बातमीपटांचे तुकडे येतात. विषय असा : दुसऱ्या महायुद्धात, १९४२ साली अमेरिकेचे अध्यक्ष रूझवेल्ट यांच्या आदेशानंतर तिथल्या जपानी वंशाच्या सुमारे १,२०,००० लोकांना छावण्यांत डांबलं गेलं. त्यातले दोन तृतीयांश अमेरिकेचेच नागरिक होते. रोझ अ‍ॅरिझोनातल्या पोस्टन छावणीत होती. रेयाचे वडील अमेरिकेच्याच सैन्यात होते, आणि इकडे घरच्यांचं राहतं घर जागेवरून नाहीसं झालं.

आईला विचारावं, तर तिला फारसं आठवत नाही. लेकीच्या मनात मात्र एक चित्र घर करून बसलंय, कुठून आलं ते तिलाही ठाऊक नाही : रणरणतं ऊन, वाळवंट, आणि नळाखाली पाणी भरून घेणारी आई. रेया ते दृश्य पडद्यावर उभं करते. कॅमेरा पाण्यापाशी, हातांपाशी रेंगाळतो. आणखी एक वस्तू आहे, आजीने छावणीत कोरलेला छोटा लाकडी पक्षी. पुढे राष्ट्रीय अभिलेखागारात कागद चाळताना रेयाला आजीचाच फोटो सापडतो, पक्षी कोरायच्या वर्गात बसलेली. तिथे मला भरून आलं.

'विज्डम गॉन वाइल्ड' सुमारे दीड तासाचा, आणि कितीतरी मोकळा. यात रोझला स्मृतिभ्रंश झालेला आहे. सोळा वर्षांच्या काळात हा माहितीपट घडला. आधी आठवणी खणून काढणारी लेक इथे आईची चूक सुधारणं सोडून देते आणि आई ज्या काळात असेल त्या काळात तिच्यासोबत जाऊन बसते. आई गाते, मिश्कील बोलते. इतिहास इथे मागे राहतो, छावणीबद्दल काहीच माहीत नसलेल्याला काही संदर्भ निसटतील.

घरात आजी, आई, कुणीही विसरू लागलं असेल, तर दुसराच आधी बघा. ज्याने असं माणूस सांभाळलंय त्याला तो समजावून सांगावा लागणार नाही. बाकीच्यांनी १९९१ पासून सुरुवात करावी, आणि तोही दोनदा बघावा : एकदा सरकणारा मजकूर वाचायला, दुसऱ्यांदा तो सोडून नुसतं त्या नळाकडे बघायला.