हारा की ताकामिने : सुरुवात कोणापासून करावी?

जुना जपानी सिनेमा कुठून पाहायला घ्यावा असं कोणी विचारलं, की मी दिग्दर्शकाआधी अभिनेत्रीचं नाव सांगते. मग प्रश्न उरतो तो एवढाच: सेत्सुको हारा की हिदेको ताकामिने?

हाताशी एकच संध्याकाळ असेल तर हारा. यासुजिरो ओझूंचा १९४९चा 'लेट स्प्रिंग' लावा. वडिलांना एकटं सोडून लग्न करायला नोरिको तयार नाही. ती त्यांच्याबरोबर 'नो' हे जपानचं पारंपरिक नाटक पाहायला बसते आणि पलीकडे तिला एक विधवा दिसते, वडील जिच्याशी लग्न करतील अशी तिला धास्ती आहे ती. हाराच्या चेहऱ्यावरचं हसू हळूहळू मावळतं, मान खाली जाते. संवाद एकही नाही. हे मी कितीदा पाहिलं तरी गलबलून येतं.

पण तिला नुसती सोज्वळ हसणारी नायिका समजू नका. दिग्दर्शक अकिरा कुरोसावांच्या १९४६च्या चित्रपटात ती सासरच्या शेतात, चिखलात राबते. १९६२नंतर, बेचाळिशीतच, तिने काम थांबवलं आणि २०१५मध्ये जाईपर्यंत कामाकुरात लोकांच्या नजरेपासून दूर राहिली.

एक बाई पडद्यावर वाढताना पाहायची असेल तर मात्र ताकामिनेला तोड नाही, आणि माझा कौल तिलाच. १९२९मध्ये पाच वर्षांची असताना ती पहिल्यांदा पडद्यावर आली, ती १९७९पर्यंत काम करत राहिली. १९५१मध्ये जपानच्या पहिल्या पूर्ण लांबीच्या रंगीत चित्रपटात ती नाचणारी बिनधास्त कार्मेन होती. तीनच वर्षांनी 'ट्वेंटी-फोर आइज'मध्ये ती बेटावरची शिक्षिका झाली आणि बारा मुलांच्या वर्गाबरोबर युद्धाच्या झळा सोसत जवळपास वीस वर्षांनी म्हातारी झाली. दोन्हींचे दिग्दर्शक किनोशिता.

तिचं खरं घर मात्र दिग्दर्शक मिकिओ नारुसेंकडे: तब्बल सतरा चित्रपट. सुरुवात १९६०च्या 'व्हेन अ वुमन असेंड्स द स्टेअर्स'पासून करा. टोकियोच्या गिन्झा भागातल्या बारमध्ये काम करणारी विधवा रोज नाइलाजाने जिना चढते; माहेरच्यांचा पैशांचा तगादा, गिऱ्हाइकांची गोड आश्वासनं, आणि वर पोचताच पुन्हा हसरा चेहरा. यातले किमोनोही ताकामिनेनेच ठरवलेले.

'फ्लोटिंग क्लाउड्स' हा तिचा सर्वात मोठा अभिनय, पण तो आधी नको. युद्धानंतर एका विवाहित पुरुषामागे फरफटत जाणारी युकिको जिवाला फार लागते. आधी तीन-चार चित्रपटांतून ताकामिनेची ओळख होऊ द्या, मग तो पाहा.