मटण चॉपचा सॉस: क्रीम की नारळाचे दूध?

ठाण्यात आमच्याकडे रविवारी बोकडाच्या बरगडीचे चॉप होतात. आले, लसूण, मिरपूड आणि थोडे दही लावून ते चार तास मुरवायचे, कढईत दोन्ही बाजूंनी लालसर परतायचे आणि बोकडाचे मांस चिवट असल्यामुळे थोडे पाणी घालून झाकणाखाली मऊ होईपर्यंत शिजवायचे, इथपर्यंत दोन्ही पद्धती सारख्याच आहेत. कढईच्या तळाला चिकटलेली खरपूड कोणत्याही परिस्थितीत टाकू नये. खरी चव तिच्यातच असते.

बाजारातील साधारण २५ टक्के स्निग्धांशाचे फ्रेश क्रीम वापरल्यास सॉस पाच मिनिटांत गुळगुळीत होतो आणि मिरपुडीचा तिखटपणा सौम्य होतो. मात्र मुरवणातील दह्याचा आंबटपणा आणि जोराची आच एकत्र आली की ते फुटते, म्हणून गॅस बंद करूनच क्रीम घालावे.

नारळाच्या दुधाला मेहनत अधिक लागते. जांभळी नाक्यावरून आणलेला ताजा नारळ खवून, वाटून, पिळून पहिले दाट दूध बाजूला ठेवावे, दुसऱ्या पातळ दुधात मऊ झालेले चॉप थोडा वेळ शिजवावेत आणि दाट दूध शेवटी घालून फक्त गरम करावे, कारण उकळी आल्यास तेही फुटते. खरपूड त्यात विरघळल्यावर जो गोडसर, खमंग रस तयार होतो, तो भाकरीबरोबर मला क्रीमपेक्षा कितीतरी अधिक आवडतो. पावासाठी आणि घाईच्या दिवशी मात्र मी क्रीमच निवडते.