लुफीची लढत: क्रोकोडाइल की एनेल?

‘वन पीस’ या जपानी कॉमिकचा नायक लुफी रबराचा; त्याच्या शत्रूंपैकी क्रोकोडाइल वाळूचा, एनेल विजेचा. क्रोकोडाइलला हरवायला लुफीला तीन लढती लागल्या. पहिलीत लुफी क्रोकोडाइलच्या हाताच्या जागी असलेल्या आकड्याने आरपार भोसकला गेला, कारण कोरड्या वाळूतून ठोसे नुसते आरपार जातात. दुसऱ्या वेळी पाठीवर पाण्याचं पिंप बांधून आला. ओल्या वाळूला ठोसा लागतो. तरी क्रोकोडाइलने त्याच्या अंगातलं पाणी शोषून घेतलं. तिसऱ्यांदा पाणी नव्हतं, तेव्हा स्वतःच्या रक्ताने मुठी ओल्या केल्या!

एनेलची वीज रबराला लागतच नाही. अडचण एनेलच्या ‘मंत्र’ नावाच्या शक्तीची: ठोसा कुठे येणार ते त्याला आधीच कळतं. म्हणून लुफी भिंतीवर ठोसे आपटतो. ते उसळून कुठे जातील हे खुद्द लुफीलाही ठाऊक नसतं. युक्ती छानच, पण मला क्रोकोडाइलची लढत सरस वाटते. तिथे प्रत्येक उपाय हरून सापडलाय.