सांगली कोर्टातून पोलीस संरक्षणाची ऑर्डर : आमच्या ताईच्या केसवरून रिव्ह्यू

चालते का ही ऑर्डर, का नुसताच कागद, असं ओळखीतल्या बायका विचारायला लागल्या म्हणून लिहितीय. चालते. पण तिच्यात पोलीस ठाण्याचं नाव घालून घेतलं असेल तर, नाहीतर कपाटात ठेवायची.

ताईचं सासर सांगोल्याकडं. ती सांगलीत माहेरी आली तरी नवरा आणि दीर गाडी घेऊन गल्लीत यायचे, शिव्या, रात्रीचे फोन, पोरीच्या शाळेबाहेर उभं राहणं, सगळं चालू. ठाण्यात गेलो तर एनसी (नुसती अदखलपात्र तक्रारीची नोंद) घेतली आणि "घरातलं मॅटर आहे, बसून मिटवा" म्हणाले (कुठलं ठाणं ते सांगत नाही, अजून तिथंच काम पडतंय). मग विजयनगरच्या कोर्टात विधी सेवा प्राधिकरणात कळलं की 2005 च्या घरगुती हिंसाचार कायद्यात बाई तात्पुरती जिथं राहते तिथल्या मॅजिस्ट्रेटकडं पण अर्ज चालतो, सांगोल्याला खेटे नकोत. वकील फुकट, बायकांना उत्पन्नाची अट नाही. फुकटातला वकील कसला असणार म्हणून आई कुरकुरत होती पण मॅडम एकदम तयारीच्या निघाल्या.

संरक्षण अधिकारी (याच कायद्याखाली सरकारनं नेमलेले) घटनेचा रिपोर्ट भरून घेतात, तिथं घाई करू नका. कधी आले, काय बोलले, कोण बघत होतं, सगळं सांगा, कॉल रेकॉर्डिंग आणि व्हॉट्सॲपचे स्क्रीनशॉट जोडा, कारण समोरचा हजर नसला तरी कोर्ट अंतरिम, म्हणजे निकालापर्यंतची तात्पुरती ऑर्डर देऊ शकतं ते असल्याच गोष्टी बघून.

आता मेन मुद्दा. मॅडमनी अर्जात वेगळी मागणी टाकली की आमच्या भागातल्या ठाण्याच्या इन्चार्जनी संरक्षण द्यावं आणि ऑर्डर राबवायला मदत करावी. त्याच कायद्याच्या कलम 19 मध्ये ही सोय आहे, पण मागितलंच नाही तर कोण आपणहून देत नाही. ऑर्डरची नक्कल फुकट मिळते, कोर्टातून ठाण्यालाही जाते, पण ती टपालात कुठं अडकते देव जाणे, म्हणून आम्हीच एक नेऊन दिली, आपल्या कॉपीवर आवकचा शिक्का घेतला आणि बीट हवालदारांचा नंबर मागून घेतला. मामा विचारत होते दारात पोलीस बसणार का. तसलं काही नसतं हो.

पुढच्या वेळी दीर आला तेव्हा 112 ला फोन केला, ऑर्डर दाखवली, आणि जे साहेब मिटवा म्हणत होते तेच त्याला गाडीत बसा म्हणाले! प्रोटेक्शन ऑर्डर मोडली की दखलपात्र आणि अजामीनपात्र गुन्हा (म्हणजे पोलीस वॉरंटशिवाय उचलू शकतात आणि जामीन हक्कानं मिळत नाही), 1 वर्षापर्यंत कैद किंवा 20,000 पर्यंत दंड किंवा दोन्ही, हे त्यांना आपल्यापेक्षा चांगलं माहीत असतं, फक्त कागद समोर पाहिजे.

स्पीडला मात्र मार्क नाहीत. कायदा म्हणतो 60 दिवसांत निकाल द्यायचा प्रयत्न करा, इथं सासरचे नोटीसच घेईनात आणि तारखांवर तारखा. नवरा म्हणतोय हायकोर्टात जातो. जा की, अपील आधी सेशन कोर्टात असतं, ते पण 30 दिवसांत, आणि हायकोर्टाचं बेंच आता कोल्हापुरातच आलंय, आम्हाला पण जवळच.

चार स्टार. आणि ऑर्डरची एक झेरॉक्स पोरांच्या शाळेत नक्की द्या, आमच्या शाळेनं त्यावरूनच गेटवरच्या काकांना सांगून ठेवलंय की आई किंवा मावशीशिवाय कुणाकडं सोडायचं नाही.