बिलात ‘नॅन’ आलं तेव्हा: एररचा स्टॅक, कन्सोल.ट्रेस की ब्रेकपॉइंट?

सदाशिव पेठेतल्या एका खानावळीसाठी आम्ही दोघांनी डब्यांचा हिशेब ठेवणारं छोटं वेब ॲप केलं होतं. अभ्यासिकेत बसणारी स्पर्धा परीक्षेची मुलं, दोन वेळचा डबा, गावाला गेलं की खाडे, आणि महिनाअखेर खाडे वजा करून बिल. एका एक तारखेला सकाळीच काकूंचा फोन आला. “अरे, रुपयांच्या पुढे एन-ए-एन काय छापून येतंय? मुलं हसतायत.”

कन्सोल उघडला तर कोरा. जावास्क्रिप्टच्या लेखी नॅन (‘नॉट अ नंबर’, म्हणजे आकडा नसलेलं काहीतरी) ही चूक नव्हेच, ती एक किंमत आहे. बेरजेत, गुणाकारात मिसळत ती मुकाट्याने पुढे जाते. एरर फेकली गेली नाही म्हणजे स्टॅक ट्रेसही (कुठल्या फंक्शनने कुठल्याला बोलावलं त्याची यादी) आपसूक मिळणार नाही, तो आपणच काढायचा. काढायचे तीन मार्ग आहेत आणि त्या दिवशी आम्ही तिन्ही वापरले. यातला कुठला आधी घ्यावा, असं नव्याने कामाला लागलेली मुलं विचारत असतात. माझं मत सरळ आहे: बग घडतो तेव्हा त्याच्यासमोर कोण बसलंय, हे आधी बघा.

कन्सोल.ट्रेस

हा सगळ्यात स्वस्त. बेरीज करणाऱ्या फंक्शनमध्ये एक ओळ टाकली: एकूण रक्कम नॅन असेल तर कन्सोल.ट्रेस, सोबत ‘बिल बिघडलं’ अशी खूण. प्रोग्रॅम न थांबता चालू राहतो आणि त्या क्षणी कोणी कोणाला हाक मारली होती याची साखळी कन्सोलवर उमटते. ब्राउझरमध्ये प्रत्येक फ्रेमवर, म्हणजे साखळीतल्या एकेका कडीवर, क्लिक करून थेट त्या ओळीवर जाता येतं. नोडमध्ये (ब्राउझरबाहेर जावास्क्रिप्ट चालवणारा प्रोग्रॅम) हा मजकूर स्टँडर्ड एररवर, म्हणजे चुकांसाठीच्या वेगळ्या प्रवाहात, जातो, त्यामुळे आउटपुट फाइलमध्ये वळवलं असेल तर तिथे शोधत बसू नका.

आम्हाला तीन फ्रेम मिळाल्या. वर बेरीज, तिच्याखाली खाडे वजा करणारं फंक्शन, त्याखाली बिल दाखवणारं. वाचायची रीत हीच: सगळ्यात वर आत्ता चालू असलेलं, खाली त्याला बोलावणारे. मध्ये लायब्ररीच्या फ्रेम्स असल्या तर त्या सोडून आपल्या फाइलचं पहिलं नाव गाठायचं. क्रोमच्या डेव्हटूल्समध्ये (ब्राउझरमधली डेव्हलपरची साधनं) लायब्ररीच्या फाइल्स इग्नोर लिस्टमध्ये टाकल्या की ही गर्दी आपोआप मिटते.

साखळी बरोबर होती, पण तिचा उपयोग झाला नाही. स्टॅक सांगतो हाक कोणी मारली. किंमत कुठून आली हे सांगत नाही. आमची बिघडलेली किंमत चार दिवसांपूर्वी डेटाबेसात जाऊन बसली होती, आणि तेव्हाचा स्टॅक केव्हाच विरून गेला होता.

ब्रेकपॉइंट

मग डीबगर, म्हणजे चालता प्रोग्रॅम हव्या त्या ओळीवर थांबवून आत बघण्याचं साधन. त्याच ओळीवर अट घालून ब्रेकपॉइंट लावला, म्हणजे साठ मुलांच्या बिलांपैकी फक्त बिघडलेल्या बिलावर थांबेल. एरर आली की थांबवणारी सोय इथे कामाची नव्हती, कारण एररच नव्हती. ब्रेकपॉइंटचा मोठा फायदा असा की साखळीबरोबर प्रत्येक फ्रेममधले व्हेरिएबलही उघडे दिसतात. कन्सोल.ट्रेस किंवा एररचा स्टॅक फक्त नावं आणि ओळी देतो, त्या नावांच्या पोटात काय होतं ते देत नाही.

व्हेरिएबल दिसले. दर: ‘८०’. आम्ही दोघांनी वाचलं ऐंशी, मान डोलावली आणि पुढे गेलो. पंधरा मिनिटांनी लक्षात आलं की हे ऐंशी देवनागरी आहेत. काकूंच्या फोनवर मराठी कीबोर्ड, आमची दराची चौकट साध्या मजकुराची. जावास्क्रिप्टचं नंबर फंक्शन फक्त इंग्रजी अंक ओळखतं. ‘८०’ दिलं की नॅन. पार्सइंटही तसंच, आणि रेग्युलर एक्स्प्रेशनमधला अंकांचा संकेतही देवनागरी अंक धरत नाही. गंमत म्हणजे व्हेरिएबलचं नाव ‘दर८’ असं ठेवलं तर ते बिनतक्रार चालतं. नावात ८ चालतो, हिशेबात नाही!

ब्रेकपॉइंटची खोड म्हणजे तो वेळ थांबवतो. दोन रिक्वेस्टची शर्यत लागल्यामुळे येणारा बग तो लावला की गायब होतो आणि काढला की परत येतो. अशा वेळी क्रोममध्ये ओळीच्या क्रमांकावर उजवी क्लिक करून लॉगपॉइंट घाला, तो न थांबवता फक्त नोंद करतो. कोडला हात न लावता त्या चौकटीत कन्सोल.ट्रेसही लिहिता येतो. कोडमध्ये ‘डीबगर’ हा शब्द लिहिण्याचा मार्गही आहे, पण डेव्हटूल्स बंद असतील तर ती ओळ काहीच करत नाही. विसरून तशीच डिप्लॉय झाली तर कोणाला कळतही नाही.

एररचा स्टॅक

काकूंच्या फोनवर डेव्हटूल्स उघडणार कोण? तिथे वरचे दोन्ही मार्ग लंगडे पडतात. एररचा स्टॅक ही साधी स्ट्रिंग असते, ती आपल्या सर्व्हरवर पाठवता येते. म्हणून दर साठवणाऱ्या फंक्शनमध्येच आम्ही तपासणी घातली: आकडा नॅन निघाला तर तिथल्या तिथे एरर फेका. कारणाच्या जवळ एरर फेकली की स्टॅकही कारणाच्या जवळचा मिळतो. पुढच्या दराच्या वेळी साखळीत दराचा फॉर्म थेट दिसला.

मात्र यात खाचखळगे भरपूर आहेत. स्टॅक पकडला जातो तो एरर तयार होते तेव्हा, फेकली जाते तेव्हा नव्हे. आधीच बनवून ठेवलेली एरर नंतर फेकलीत तर पत्ता बनवण्याच्या जागेचा मिळेल. एररऐवजी नुसती स्ट्रिंग फेकली तर स्टॅक मिळतच नाही. एरर ऑब्जेक्ट जसाच्या तसा जेसन.स्ट्रिंगिफायमधून पाठवला तर सर्व्हरवर रिकामा महिरपी कंस पोहोचतो, कारण मेसेज आणि स्टॅक मोजदादीत येणाऱ्या प्रॉपर्टीज नाहीत. दोन्ही नावं घेऊन वेगळे पाठवा. वेगळे अशासाठीही, की क्रोम आणि नोडमध्ये स्टॅकची पहिली ओळ एररचं नाव आणि मेसेज असते, फायरफॉक्स आणि सफारीत ती नसते. फ्रेमची मांडणीही निराळी: क्रोममध्ये ‘ॲट’, फंक्शनचं नाव आणि कंसात फाइल, ओळ, स्तंभ, फायरफॉक्स-सफारीत नाव आणि पत्ता यांच्यामध्ये ईमेलमधली ती ‘@’ खूण. क्रोममधल्या ट्रेससाठी लिहिलेला पार्सर आयफोनवर आपटतो, तो इथेच.

व्ही८ इंजिन, म्हणजे क्रोम आणि नोड, मुळात वरच्या १० फ्रेमच ठेवतं. फंक्शन स्वतःलाच बोलावत बसलं आणि स्टॅक भरला, तर त्या दहाही ओळी एकाच नावाच्या येतात आणि सुरुवात कोणी केली ते कळत नाही. एरर.स्टॅकट्रेसलिमिट वाढवा, मग कळेल. एक एरर पकडून दुसरी फेकत असाल तर ईएस २०२२ (जावास्क्रिप्टची २०२२ची आवृत्ती) पासून आलेल्या ‘कॉज’मध्ये मूळ एरर ठेवा, नाहीतर खरा पत्ता तिथेच संपतो.

अवेट आणि मिनिफाय

असिंक कोडमध्ये, म्हणजे उत्तर उशिरा येणाऱ्या कामांत, तिन्ही मार्गांचा कस लागतो. व्ही८ने २०१९ पासून अवेटच्या (‘उत्तर येईपर्यंत थांब’ ही खूण) पलीकडचीही साखळी एररच्या स्टॅकमध्ये जोडायला सुरुवात केली. नोड १२ मध्ये ती मिळू लागली. पण ती अवेटपुरती. देनच्या जुन्या साखळ्या आणि सेटटाइमआउट यांच्या मागचा भाग त्यात येत नाही. फंक्शनने अवेट न करता प्रॉमिस (नंतर येणाऱ्या उत्तराची हमी) नुसतं परत केलं, तर त्या फंक्शनची फ्रेमही गळते. इथे डेव्हटूल्स सरस: ते उघडे असताना टायमरच्या मागची साखळीही दाखवतात. कॉलबॅक फंक्शनला नाव देण्याचा कंटाळा करू नका, नाहीतर ट्रेसमध्ये ‘अनॉनिमस’ची रांग लागते.

प्रॉडक्शनमध्ये सगळा कोड मिनिफाय होऊन, म्हणजे आक्रसून, एका ओळीत आलेला असतो. अशा ट्रेसमध्ये ओळ १ आणि स्तंभ ४८२१७ असा आकडा दिसला तर हसू नका, तो स्तंभच पत्ता आहे. सोर्स मॅप (आक्रसलेला कोड आणि मूळ कोड यांचा मेळ घालणारी फाइल) असेल तर मूळ फाइल आणि ओळ मिळते. मॅप लोकांना दाखवायचा नसेल तर सर्व्हरवर खाजगी ठेवा, पण प्रत्येक बिल्डचा ठेवा. नोडमध्ये ‘एनेबल-सोर्स-मॅप्स’ हा फ्लॅग पुरतो. दुसऱ्या डोमेनवरून स्क्रिप्ट येत असेल आणि हाती नुसतं ‘स्क्रिप्ट एरर’ लागत असेल, तर स्क्रिप्ट टॅगवर क्रॉसओरिजिन आणि त्या सर्व्हरवर कॉर्सचा (दुसऱ्या डोमेनला परवानगी देणारा) हेडर, दोन्ही हवेत.

मग घ्यावं काय

दोघातिघांची टीम असेल आणि ॲप लोकांच्या हातात गेलं असेल, तर पहिला दिवस एररचा स्टॅक सर्व्हरवर आणण्यात आणि सोर्स मॅप जपण्यात घालवा. बाकी सगळं नंतर. बग आपल्या मशीनवर हमखास घडवता येत असेल आणि ‘हे फंक्शन बोलावतंय तरी कोण’ एवढंच हवं असेल, तर कन्सोल.ट्रेस, लूपमध्ये मात्र अटीशिवाय टाकू नका. किंमतच संशयास्पद असेल तर ब्रेकपॉइंट, आणि व्हेरिएबल वाचताना मराठी डोळ्यांवर विश्वास ठेवू नका. नको असलेली रिक्वेस्ट कुठून जाते एवढाच प्रश्न असेल तर यातलं काहीच नको; क्रोमच्या नेटवर्क टॅबमधल्या इनिशिएटर रकान्यावर माउस नेला की ट्रेस फुकटात दिसतो.

काकूंना ‘दर इंग्रजी आकड्यांत लिहा’ असं सांगायची आमची हिंमत झाली नाही. साठवण्याआधी देवनागरी अंकाच्या युनिकोड क्रमांकातून २४०६ वजा करतो आणि उरलेला आकडा ठेवतो. तपासणीची एरर तशीच राहू दिली आहे, कारण कोणीतरी कधीतरी ‘८० रु.’ लिहिणारच.