वर्दीतला खलनायक की वर्दी उतरवलेला पोलीस?

कॅनडाच्या घोडदळ पोलिसांवरचे दोन मूकपट: 'बॅक टू गॉड्स कंट्री' (1919) आणि 'ओमॅली ऑफ द माउंटेड' (1921). दुसऱ्यात पोलिसाच्या भूमिकेतला विल्यम हार्ट वेषांतर करून सीमेपलीकडच्या गुंडांत शिरतो. ज्याला पकडायचं, तो निघतो प्रेयसीचा भाऊ. पोलिसी कामातली कोंडी इथे ठसठशीत दिसते.

पण माझा कौल पहिल्याला. त्यात पोलिसाची वर्दी घालून येतो तो खलनायक, आणि लोक विश्वासानं दार उघडतात! नायिका नेल शिपमननं पटकथाही स्वतः लिहिली. कॅनडाच्या अल्बर्टा प्रांतातल्या लेसर स्लेव्ह तलावाकाठी चित्रीकरण झालं, हाडं गोठवणाऱ्या थंडीत. मूळ नायक रोनाल्ड बायराम न्यूमोनियानं दगावला. पडद्यावरचा तो बर्फ खरा आहे, म्हणूनच नायिकेची धडपडही खरी वाटते.